आवाज फुटला

संघर्ष चपलांच्या ढिगापाशी उभा होता आणि आत यायला तयार नव्हता. रविवारची सकाळ, पिंपळे गुरवचं बुद्धविहार पांढऱ्या कपड्यांनी भरलेलं, आणि वंदना सांगणारा पोरगाच दारात अडून बसलेला! लहानपणापासून दर रविवारी तोच माइकसमोर बसायचा. तो ओळ सांगणार, बाकी सगळे मागून म्हणणार. गोड गळ्याचं पोरगं म्हणून त्याच्या आईचा, गिरजाबाईचा, वस्तीत केवढा तोरा. तो हल्ली पार उतरला होता.

"मी नाही सांगणार वंदना," तो पुटपुटला. अर्धं वाक्य जाड आलं, उरलेलं चिरकलं.

"घसा धरलाय हो त्याचा," गिरजाबाई विहाराचे कारभारी दत्तोबाकाका यांना म्हणाली. "ज्येष्ठमध झालं, हळद-दूध झालं, अडुळशाचा काढा झाला. उतारच पडंना. मागच्या रविवारी चिरकला अन् पोरं हसली. तवापासून जेवतंय कमी अन् भांडतंय जास्त. नजर लागली म्हणावं, तर आपल्यात तसलं मानत न्हाईत."

दीक्षाला हसू आवरेना. ती संघर्षची थोरली बहीण, नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला.

"आई, तो काढा बंद कर. बिचाऱ्याच्या तोंडाची चव गेली. अगं, आवाज फुटलाय त्याचा! तेरा वर्षांचा झाला तो. गळ्यातली आवाजाची पेटी मोठी व्हायला लागली की आवाज असाच वर-खाली होतो. मिशी फुटते, काखेत केस येतात, तोंडावर मुरमं येतात. उगाच रडू येतं, उगाच राग येतो. आजार नाहीये हा. काही महिन्यांत बसेल जागेवर."

"जरा हळू बोल की!" आईनं तोंडाला पदर लावला. "बाप्ये बसल्यात."

"बाप्यांनीच ऐकायला पाहिजे. मला शाळेत बाईंनी सगळं सांगितलं. तेव्हा मुलांना क्रिकेट खेळायला पिटाळलं होतं. ह्याला कोणी सांगितलं?"

सांगायला हवं होतं बापानं. बाप खंडू चाकणच्या कंपनीतली नाइट शिफ्ट संपवून थेट विहारात आला होता, डोळे लाल. तो पोराजवळ चपलांत उकिडवा बसला.

"माझा बी फुटला होता," तो म्हणाला. "गावाकडं गायन पार्टीत गायचो मी. लोक हसले. मला वाटलं, गळा गेला आपला. गाणं सोडलं ते सोडलंच. जरा दम धर म्हणून कुणी सांगितलं असतं, तर..."

संघर्ष बघतच राहिला. बाप कधीकाळी गायचा, हे त्याला आजच कळलं.

"उशीर होतोय," दत्तोबाकाका म्हणाले. "दुसऱ्या पोराला, गणराजला, बसवू का माइकवर?"

संघर्षनं नाक पुसलं आणि तो आत गेला.

पहिली ओळ सरळ गेली. दुसरी मधेच फाटली, ती पण स्पीकरवर. पुढच्या रांगेत बालवाडीतली पिल्लं बसली होती. संघर्षदादा म्हणेल तसं म्हणायचं, एवढंच त्यांना ठाऊक. त्यांनी तेही तसंच म्हटलं, हात जोडून, डोळे मिटून, फाटल्या जागी फाटून. सगळं विहार हसलं. संघर्षचा चेहरा कानापर्यंत लाल झाला आणि त्यानं माइक खाली ठेवला.

गिरजाबाई उठून उभी राहिली. वंदना चालू असताना असं मधेच कुणी उठत नाही.

"हसा खुशाल," ती म्हणाली. "पण मागून म्हणा. माझं पोरगं मोठं व्हायलंय. त्याला मी थांबू द्यायची न्हाई." अभिमानानं तिचा ऊर असा भरून आला, की खाली बसायचंच ती विसरली.

संघर्षनं माइक उचलला. तीच ओळ पुन्हा धरली आणि ती पुन्हा तिथंच फाटली.

पिल्लांनी ती तशीच म्हटली. त्यांच्याहून मोठ्यानं, मुद्दाम तशाच फाटक्या आवाजात, गिरजाबाईनं म्हटली. आणि मग तिच्या मागून सगळ्या विहारानं.