सुनावणी नऊ वाजता

आपल्या कार्डाबरोबर चार गैरहजर मित्रांचीही हजेरीची कार्डं मशीनवर लावली, म्हणून नगरपालिकेतला तुल्लिओ निलंबित झाला. वर फसवणुकीचा खटला, आणि कोर्टाचा हुकूम की रोज सकाळी आठला पोलीस ठाण्यात येऊन सही करायची. एकोणीस वर्षांत बायकोने हलवल्याशिवाय कधी न उठलेला गडी आता बायकोच्या आधी उठून कॉफीचं भांडं चढवू लागला.

खात्याच्या चौकशीच्या दिवशीही तो ठाण्यातली सही उरकून पावणेनऊलाच नगरपालिकेत हजर. नोकरी राहते की जाते, ते आजच ठरणार होतं. अंगात इस्त्रीचा शर्ट, खिशात बायकोने कोंबलेलं, अशक्य कामं पार पाडणाऱ्या संत रीताचं चित्र. नऊ वाजून गेले, तरी चौकशी समितीच्या तिन्ही खुर्च्या रिकाम्याच.

"समिती कुठाय रे?" त्याने दारावरच्या शिपायाला, ओरेस्तेला विचारलं.

"कुठे असणार? चौकातल्या कॅफेत कॉफी पीत बसलेत. येतील साडेदहापर्यंत. तू कशाला एवढ्या लवकर तडफडलास?"

इतक्यात ओरेस्तेचा फोन वाजला. "हो बाई... नाही, तुल्लिओ एकटाच आलाय... बरं, सांगतो त्याला."

फोन ठेवून त्याने खणातून हजेरीची तीन कार्डं काढली आणि तुल्लिओच्या हातात दिली.


"रोज मीच लावतो रे. पण समितीच्या अध्यक्षबाई म्हणाल्या, आज तुल्लिओला लावू दे, त्याच्यावर तसाही खटला चालूच आहे."