माजिदा तांदूळ निवडते

"आवाज! आवाज!" पुढून कुणीतरी ओरडलं.

आवाज नव्हताच. मूकपटाला साथ करणाऱ्या पेटीवाल्याला निजामने मुद्दाम सुट्टी दिली होती. गोदेच्या वाळवंटात खाजाचा सिनेमाचा तंबू. तंबूत ओला केलेला पडदा. पडद्यावर निजामची बायको, माजिदा. तांदूळ निवडतेय. अजून निवडतेय.

अजून.

मुंबईत चित्रं बोलू लागून दोन-तीन वर्षं झाली होती. "बोललेलं काय, कुणालाही ऐकू येतं," निजाम खाजाला म्हणाला होता. "माझ्या चित्रात न बोललेलं ऐकू येईल."

"लोक उठले की रीळ उतरवीन," खाजा म्हणाला होता. "मग तुझं चित्र या तंबूत परत नाही."

पडद्याची पुढची बाजू. पुरुष.

"निजामभाई, भात कधी शिजणार?"

"लय तांदूळ हाय. उद्या या!"

दोघं उठले. तिसऱ्याने उठून टोपी घातली. निजाम हात जोडत फिरत होता. "बसा हो. तिच्या चेहऱ्याकडे बघा. काय शांतता आहे!"

खाजाचा हात यंत्राकडे गेला.

पडद्याची मागची बाजू. बायका.

पडदा ओला असला की चित्र मागूनही दिसतं, फक्त उलटं. माजिदा इथेच बसली होती, स्वतःकडे बघत.

"अगं, तू डावखुरी कधी झालीस?" शेजारच्या जैतुनबीने विचारलं. मग तिने पडद्याकडे नीट पाहिलं. ते मिटलेले ओठ. खडा उचलून फेकायची ती तऱ्हा. "या अल्ला! ही शांतता कुठली? हा तर अबोला आहे!"

"मला केव्हाच कळलं," भागीबाई म्हणाली. "काय केलं गं त्यानं?"

माजिदाने पदर सावरला. ती मालेगावची, विणकराची लेक. मागांच्या खडखडाटावर आवाज चढवून बोलायची तिला लहानपणापासून सवय.

"माझ्या बहिणीच्या लग्नाला जाणं बुडवलं! म्हणाले, आज ढग झकास आहेत, चित्र काढायचंय. तेव्हापासून मी बोलत नाही. आणि ह्यांना ते कळलंच नाही!"

पुढची बाजू.

पडद्यावरची माजिदा खडा फेकत होती आणि बोलत होती. उठलेले तिघे खाली बसले.

"सालन बिनमिठाचं केलं. बोटं चाटून जेवले!" खडा.

"मी पाठ फिरवून बसले, तर हे म्हणाले, उजेड छान पडलाय, हलू नकोस!" खडा.

तंबू हसून हलला. टोपीवाल्याने टोपी काढून डोळे पुसले. निजाम मात्र हसत नव्हता. जेवणात मीठ नव्हतं? तो आठवून बघत होता.

रीळ संपलं. पडदा पांढरा झाला. आवाज चालूच राहिला. एकही माणूस उठला नाही. रिकाम्या पडद्याकडे बघत सगळे कान देऊन बसले.

निजाम उठला. पडद्याजवळ गेला, ओल्या कापडाला तोंड लावून हळूच म्हणाला, "माजिदा, चुकलं माझं. घरी चल."

तंबूच्या दारात खाजा कर्णा घेऊन ओरडू लागला होता. "बोलपट! खास नाशिकचा बोलपट! दुसरा खेळ लगेच!"

पलीकडे कुजबुज झाली. बांगड्या वाजल्या. कुणीतरी खुदकन हसलं.

"तुम्ही व्हा पुढे, भाकरी थापून ठेवा," पडदा म्हणाला. "मला दुसरा खेळ आहे."