मोठ्या बाईंची खुर्ची

मोठ्या बाईंना ब्लड कॅन्सर निघाला, तेव्हा सगळ्यात मोठा लाभ उपमुख्याध्यापक सरांना होणार होता. मुख्याध्यापिका असल्या तरी बाई सरांपेक्षा वयाने लहान. एरवी त्यांची खुर्ची सरांना या जन्मी मिळणार नव्हती.

"घाबरू नका सर, माझा प्रकार हळू वाढणारा आहे. रोजच्या एका गोळीने ताब्यात राहतो," बाईंनी स्वतःहून सांगितलं. सरांच्या कानात 'कॅन्सर' तेवढा शिरला. पुढचं ऐकायला ते होते कुठे? मनातल्या मनात ते बाईंच्या केबिनचे पडदे बदलत होते.

त्याच आठवड्यात दुसऱ्या शाळेचं मुख्याध्यापकपद त्यांना चालून आलं. "अशा वेळी बाईंना सोडून जाऊ? माणुसकी आहे की नाही!" असं म्हणत सरांनी ते नाकारलं. शिक्षकखोलीत दोन शिक्षिकांनी डोळे पुसले.

बाई रोज जेवून गोळी घेत, दर तीन महिन्यांनी रक्त तपासून येत आणि सर उशिरा आले की घड्याळाकडे बघत. नवव्या वर्षी सर उपमुख्याध्यापक म्हणूनच निवृत्त झाले. निरोपाच्या भाषणात बाई म्हणाल्या, "सर, माझ्या नोकरीची उरलेली चार वर्षं तुमच्याशिवाय कशी काढू?"

 

आजार बाईंना झाला होता. दगावली ती सरांची बढती.