पैलवानाला दुसरी पसंती

पेटीचं सील तुटलं आणि प्रतोदानं कपाळावरचा घाम पुसला. एरवी मोजणीच्या टेबलाशी हा गडी निवांत असायचा. पक्षातल्या कोणत्या आमदाराचं मत कुठं गेलं हे हुडकणं त्याचं कामच, आणि त्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. पण आज त्या पेटीत त्याच्या बायकोचं मत होतं. तीही आमदार.

राष्ट्रपतीची निवडणूक. देशाच्या संसदेची मोजणी झाली होती, बाकी प्रांतांच्या विधानसभांचीही झाली होती, आणि दोन उमेदवार असे घासत आले होते की निकाल या शेवटच्या प्रांतावर अडला होता. एक, प्रतोदाच्या पक्षाचे निवृत्त न्यायमूर्ती. दुसऱ्या, विरोधकांच्या बाई. उरलेले सगळे हौशे-नवशे : एक पैलवान, एक वैद्य, एक जादूगार वगैरे. त्यांना कोण विचारतो? पण प्रतोदाला ते फार उपयोगी. मतदान गुप्त, पत्रिकेवर नावांपुढं पसंतीचे आकडे तेवढे लिहायचे. म्हणून तो प्रत्येक आमदाराला बजावायचा, पहिली पसंती न्यायमूर्तींना, आणि तुझी दुसरी अमक्याला, तिसरी तमक्याला. प्रत्येकाची जोडी वेगळी. झाली खूण. न्यायमूर्तींच्या गठ्ठ्यात ज्याची खूण सापडली नाही, तो फुटला.

बायकोची खूण होती दुसरी पैलवानाला, तिसरी वैद्याला. पक्षाचे सर्वेसर्वा असलेल्या साहेबांच्या दिवाणखान्यात, त्यांच्या समोरच त्यानं ती तिला सांगितली होती. तिनं मान डोलावली होती. परतताना गाडीत ड्रायव्हर होता, म्हणून हाही गप्प आणि तीही गप्प.

आणि न्यायमूर्ती तेच, ज्यांनी तिच्या धाकट्या भावाची फाशी कायम केली होती! त्याचा दयेचा अर्ज आता नव्या राष्ट्रपतीच्या टेबलावर जाणार होता. बाईंनी जाहीर सांगितलं होतं, माझ्या सहीनं कोणी फासावर जाणार नाही. न्यायमूर्तींनीही तितकंच जाहीर सांगितलं होतं, दयाबिया काही नाही. मग यात डोकं चालवायला उरलं काय? प्रतोदानं उभ्या आयुष्यात पहिल्यांदा पक्षाविरुद्ध मत टाकलं होतं. बायकोही तेच करणार, पाठच्या भावाचा जीव आहे. खुणा तपासणारा तो एकटाच. तो गप्प बसला की बोभाटा व्हायचं कारणच नव्हतं.

अधिकारी एकेक पत्रिका जाळीपुढं धरायचा, नाव पुकारायचा आणि ट्रेमध्ये टाकायचा. न्यायमूर्ती. न्यायमूर्ती. बाई. न्यायमूर्ती.

"काय हो, घाम कसला पुसताय?" शेजारी विरोधकांची प्रतिनिधी बसली होती, तिनं गोळी चघळत विचारलं. "तुमची माणसं तर तुमच्या मुठीत."

"उकडतंय," तो म्हणाला. वर पंखा गरगरत होता.

त्याची स्वतःची पत्रिका आली आणि बाईंच्या ट्रेमध्ये गेली. कोणाला काही कळलं नाही. त्याला जरा धीर आला.

"न्यायमूर्ती," अधिकारी म्हणाला आणि त्यानं पुढची पत्रिका धरली. न्यायमूर्तींपुढं एक. पैलवानापुढं दोन. वैद्यापुढं तीन.

"जरा परत दाखवता?"

अधिकाऱ्यानं कपाळाला आठ्या घालून परत दाखवली. तिचाच तीन, लांब शेपटाचा. त्यानंतरची मतं प्रतोदाच्या डोळ्यांसमोरून गेली खरी, पण त्यानं एकही पाहिलं नाही.

न्यायमूर्ती एका मतानं निवडून आले.

बाहेर व्हरांड्यात आरडाओरडा चालला होता, माणसं एकमेकांना उचलून घेत होती. बायको खांबापाशी एकटी उभी होती. डोळे कोरडे होते.

"बघितलंत ना माझं मत?" ती म्हणाली. "खूण बरोबर होती?"

"अगं, पण का?"

"का म्हणजे? तुम्ही आत बसणार होतात. तुम्हाला दिसलं असतं. तुम्ही साहेबांना सांगितलं असतंत. मग पक्षातून मी गेले असते, तुम्ही गेला असतात, आणि वर न्यायमूर्ती आलेच असते तर भावासाठी शब्द टाकायलाही कोणी उरलं नसतं."

"मी नसतं सांगितलं."

ती जायला वळली.

"मी बाईंना मत दिलं," तो हळूच म्हणाला.

तिनं खांबाला हात टेकला.

"मग एका शब्दानं मला सांगायचं नाही का?"

"मला वाटलं, तुला कळेल."

"कशावरून कळेल? साहेबांपासून तुम्ही आजवर काय लपवलंत? मूल आजारी पडलं तरी आधी साहेबांना फोन. वीस वर्षं तुमच्याबरोबर संसार केलाय हो मी. तुम्हाला ओळखते म्हणूनच तर असं मत दिलं!"

तेवढ्यात त्याच्या खिशातला फोन वाजला. साहेब. त्यानं तिच्याकडं पाहिलं, मग फोन कानाला लावला. साहेबांचा आवाज तिलाही ऐकू येत होता.

"अरे, एका मतावर निभावलं की रे! मी तर एक जास्त धरलं होतं. कोण फुटलं आपल्यातलं?"

"कोणी नाही, साहेब," प्रतोद म्हणाला. "आपली सगळी आली, मी एकूण एक खूण पाहिली. तो एक अपक्ष घसरला ऐनवेळी, त्याचं मला आधीपासूनच खरं वाटत नव्हतं."

"शाबास. आणि वहिनी?"

"ती पक्कीच होती, साहेब."

त्यानं फोन बंद केला. आवाज कुठं कापला नव्हता की अडखळला नव्हता.

"जमतं की तुम्हाला," ती म्हणाली.