कुंदनची जागा
मुरबे गावातल्या कुंदनचा बापाशी करार होता: पावसाळ्यात मासेमारी बंद तोवर सिनेमात काम, नारळी पुनवेला नारळ सोडला की बोटीचं सुकाणू. आधी गर्दीतला माणूस, मग हवालदार, मग नायकाचा मित्र. सिनेमे वाढले तशा त्याच्या भूमिकाही वाढल्या. यंदा तो स्वतःच नायक होता. शूटिंग दिवाळीपर्यंत चालणार होतं. बापाला काय सांगायचं ते पाठ करून तो पुनवेला किनाऱ्यावर आला. त्यानं तोंड उघडण्याआधीच बाप म्हणाला, "तुज्या जागेवर मानूस ठेवलाय. तू बिनघोर जा." हायसं वाटायला हवं होतं. पण बोटीवर नवा खलाशी कुंदनचाच पिवळा रेनकोट घालून सुकाणू धरून बसला होता. ऑडिशनमध्ये भूमिका दुसऱ्याला मिळाली, तर कुंदन हसून हात मिळवायचा. आज तो बोटीवर चढला आणि हात थेट सुकाणूकडे गेला. "राऊ दे," बाप हळूच म्हणाला, "हिरोच्या हाताला घट्टे पडतील."