चिवचिवणाऱ्या फळ्या

"चोरपावलांनी कोणी आलं तर कळावं, म्हणून ही जमीन अशी केलीय," क्योतोच्या त्या जुन्या महालात आमच्या गाइड ओकाबेबाई म्हणाल्या. पाऊल पडलं की फळ्या पाखरांसारख्या चिवचिवत होत्या. हा आवाज फळ्यांखालच्या खिळ्यांचा होता. ते कशावर घासतात, हे त्यांना विचारून मी वळले. मागे बाबा नव्हते.

वर्षभरापासून बाबा विसरायला लागले होते. कधी घराचा पत्ता, कधी माझं नाव. मी दाराशी धावले. त्यांच्या तपकिरी चपला तिथेच होत्या. म्हणजे ते आत असावेत. पण अनवाणीच बाहेर पडले असतील तर? बाहेर गाड्या सुसाट धावत होत्या. मी परत आत येऊन ओकाबेबाईंना सांगितलं.

त्यांनी हातातली झेंडी उंचावली. "सगळे जागीच थांबा. कोणी हलू नका."

जमीन गप्प झाली. कितीतरी वेळ काहीच ऐकू येईना. मग पलीकडच्या ओसरीतून एक बारीकशी चिव आली. थांबून आणखी एक.

बाबा टाचा उचलून, भिंतीला धरून चालत होते. मला पाहताच त्यांनी ओठांवर बोट ठेवलं.

"हळू चाला हो ताई," ते कुजबुजले. "माझी पोर आत्ताच झोपलीय."