चहा मागायचा सीन

देश सोडून आलेल्या नटानं वर्षानुवर्षं हॉटेलात भांडी घासली, तेव्हा कुठं पिक्चरमध्ये एक वाक्य मिळालं. आजारी म्हाताऱ्यानं बायकोला हळूच म्हणायचं, "चहा टाक ना." पण गडी नाटकातला, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवणारा! त्यानं चहा मागितला आणि साऊंडवाल्यानं हेडफोन फेकले. "काका, माईक तुमच्या कॉलरलाच आहे! शेवटचा टेक, नाहीतर दुसरा बघतो," दिग्दर्शक वैतागला. डबा घेऊन आलेली काकांची बायको कोपऱ्यातून म्हणाली, "अहो, घरी माझी आई झोपल्यावर मागता, तसं मागा." कॅमेरा सुरू झाला. काका अशा लाडीगोडीनं कुजबुजले, की बायको सवयीनं उठून कॅमेऱ्यासमोर! "आत्ताच तर झाला! अर्धाच मिळेल." दिग्दर्शक पोट धरून हसला. "काका, तुम्ही पक्के! आणि शोधत होतो ती पिक्चरमधली म्हातारीही सापडली!" "म्हातारी कुणाला म्हणतोस रे?" बायको कडाडली.